मादन हिप्परग्याचा हारा

सिद्धरामला आयुष्याकडून फार काही नको होतं. घर होतं, बायको होती, मादन हिप्परग्याच्या स्टँडसमोर मोबाइल दुरुस्तीचं दुकान होतं, आणि पोट वयाच्या मानानं बरंच पुढं गेलं होतं. त्याला हवा होता फक्त एक माणूस. असा एक माणूस, की ज्यानं त्याला हाराच्या वेशात बघावं आणि कुणी न सांगता ओळखावं, की हा हारा आहे. बाकी टाळ्या, बक्षीस, फोटो हे सगळं मिळालं तर घ्यायला त्याची हरकत नव्हती, पण आस होती ती त्या एका माणसाची. आणि तो माणूस अख्ख्या आळंद तालुक्यात सापडत नव्हता.

आता हारा म्हणजे कोण, हे सांगावं लागतं तिथंच त्याचं दुखणं आलं. हारा हा जपानी मालिकेतला वीर. मालिका चित्रांची, पण तिला कार्टून म्हटलेलं सिद्धरामला खपायचं नाही. तो तिला ॲनिमे म्हणायचा. ते ऐकून गिऱ्हाइकं म्हणायची, "ॲनिमिया झालाय व्हय? मग सरकारी दवाखान्यात जा की, लाल गोळ्या फुकट देयलेत." सिद्धराम खाली मान घालून स्क्रू पिळत राहायचा. तेहतिसाव्या वर्षी चित्रांच्या मालिकेत जीव अडकलेल्या माणसाला वाद घालायचा फारसा हक्क राहत नाही, हे त्यालाही कळत होतं.

गोष्ट साधी होती. एक लाकडी पूल, खाली नदी, अलीकडं गाव. शत्रूची फौज येते, पुलाचे बाकीचे पहारेकरी पळून जातात आणि हारा एकटा उभा राहतो. गावातली सगळी माणसं डोंगरापलीकडं पोचेपर्यंत पूल सोडायचा नाही, एवढंच त्याचं काम. भागामागून भाग तो पुलावरच उभा. सिद्धरामची बायको जगदेवी भाकरी थापताना एकदा डोकावून म्हणाली, "आजून पुलावरच हाय का त्यो? आपल्याकडचा पूल असता तर कवाच वाहून गेला असता." सिद्धरामला हसू आलं होतं, पण त्यानं ते दाबलं. हारा संकटात असताना हसणं त्याला बरं वाटलं नाही.

जग मात्र हाराच्या मागं वेडं झालं होतं. भागाखाली लोक लिहायचे, त्यात ब्राझीलची एक बाई होती, पोलंडचा एक विद्यार्थी होता, मनिलाचा एक रिक्षावाला होता. भाषांतराच्या मदतीनं सिद्धराम त्यांच्याशी हाराच्या स्वभावावर तासन् तास बोलायचा. दुकानाबाहेर येऊन बघावं तर सगळं गाव तुरीचा भाव आणि ग्रामपंचायत यांत गढलेलं. शेजारचा पानवाला तर नाव ऐकूनच म्हणाला होता, "हारा? नाम में ही हार गया तो आगे क्या देखना भाई?"

अशात गुलबर्ग्याची जाहिरात आली. पाटीवर कलबुरगी असलं तरी आमच्या तोंडात अजून गुलबर्गाच. तिथल्या एका मॉलमध्ये जपानी मालिकांमधल्या वीरांचे वेश करून यायची स्पर्धा होती. म्हणजे तिथं येणारं प्रत्येक माणूस ओळखणारं. सिद्धरामनं त्याच रात्री नाव नोंदवलं आणि सकाळी बायकोला सांगितलं.

जगदेवीनं त्याला वरपासून खालपर्यंत बघितलं, विशेषतः मधल्या भागाकडं. "त्यो हारा वाळल्याला हाय," ती म्हणाली.

"वेशात कळत न्हाई."

"पोटाला वेश चढतोय, पोट जात न्हाई," असं म्हणून ती आत गेली. पण लाल कापडाचा घेरदार लेंगा तिनंच शिवून दिला. सिद्धरामच्या आजोबांची मेंढरं होती. आता सिद्धरामच्या घरी एकही मेंढरू उरलं नव्हतं, पण चुलतभावाकडून काळी लोकर मागवून तिनंच लांब केसांचा टोप विणला. छातीवरचा पत्रा त्यानं तेलाच्या डब्याचा कापला. तेलकंपनीचं नाव आतल्या बाजूला घेतल्यामुळं आता ते त्याच्या पोटाला लागत होतं. वेल्डिंगवाल्याकडून तलवार आली. राहिल्या फक्त कपाळावरच्या तीन पांढऱ्या आडव्या रेघा. मालिकेतले पहारेकरी जळक्या लाकडाच्या राखेनं त्या ओढतात. सिद्धरामनं पावडर लावून बघितली, ती घामानं उतरायची. शेवटी जगदेवीनं देवळीतली इबूत, म्हणजे देवाची विभूती, आणली आणि तीन बोटांनी त्याच्या कपाळावर सफाईनं ओढली. आरशात बघितल्यावर सिद्धरामचा ऊर भरून आला. मेकअप करायला जागा मिळेल न मिळेल म्हणून घरूनच नटून जायचं, असं त्यानं ठरवलं, आणि सगळा घोटाळा तिथंच झाला.

एप्रिलचं ऊन. मोटरसायकलवर तो अंगावर चादर गुंडाळून बसला होता. आळंद अजून लांब असतानाच साखळी तुटली. ती सांधायला बसला तर लोकरीच्या टोपाखाली डोकं उकडायला लागलं, म्हणून चादर काढली. आणि बाभळीच्या तुटपुंज्या सावलीत, काळे केस पाठीवर सोडलेला, लाल घेरातला, कपाळी इबूत लावलेला, मांडीवर तलवार घेतलेला हारा ग्रीसनं माखलेल्या हातांनी साखळी ओढत बसला.

एक जीप पुढं गेली, थांबली आणि मागं आली. पांढऱ्या कपड्यांतला, खांद्यावर कोरा टॉवेल टाकलेला एक गृहस्थ उतरला. सिद्धरामला बघून त्यानं दोन्ही हात जोडले. हे अण्णाराव.

"कार्यक्रमाला निघालाव का अप्पा?" अण्णारावांनी विचारलं.

सिद्धराम उभा राहिला. "व्हय, कार्यक्रमालाच."

"आवो, मग हितं काय करायलाव? तुमालाच हुडकायलाव आमी सकाळपासून. फोन लागंना, काय न्हाई. चला, समदे वाट बघायलेत. तुमच्याबिगर सुरू करता येत न्हाई."

तुमच्याशिवाय सुरू करता येत नाही. हे वाक्य सिद्धरामला आजवर कुणी ऐकवलं नव्हतं. नाव नोंदवताना फोटो पाठवला होता, तो बघूनच हे लोक घ्यायला आले असणार, असं त्यानं धरलं. मोठ्या शहरातली व्यवस्था अशीच असते, हेही धरलं. माणसाला जे हवं असतं ते समोर आलं की तो खोलात शिरत नाही. मोटरसायकल बाभळीला टेकवून तो जीपमध्ये पुढच्या सीटवर बसला. पुढची सीट त्याला आग्रहानं दिली गेली.

"वेश भारी हाय," अण्णाराव मागून म्हणाले.

"स्वतः केलाय. बायकोनं हातभार लावला."

"असं का. आमच्याकडं पिढीजात असतेत."

गुलबर्ग्यात हे पिढीजात चालतं, हे ऐकून सिद्धराम चकित झाला. आपण फारच उशिरा जागे झालो, असं त्याला वाटलं. जीप डांबरी सोडून शेताच्या वाटेला लागली तेव्हा त्यानं विचारलं, "शॉर्टकट हाय का?"

"व्हय, आपल्याच शेतातून हाय," अण्णाराव म्हणाले.

जीप थांबली ती लग्नाच्या मांडवापुढं.

इथं आमच्याकडची एक चाल सांगायला हवी. ज्या घरांचा देव वीरभद्र, त्यांच्यात लग्नाआधी गुग्गुळ निघतो. मडक्यात धुपाचा जाळ पेटवून मिरवणूक काढतात आणि तिच्यापुढं पुरवंत चालतो. पुरवंत म्हणजे वीरभद्राचा मानकरी. अंगात लाल वस्त्र, छातीवर पत्र्याचं कवच, हातात तलवार, मोकळे लांब केस, कपाळाला इबुतीचे तीन पट्टे. तो तलवार नाचवत देवाची स्तुती गर्जून म्हणतो, तिला वडपू म्हणतात, आणि शेवटी शस्त्र घेतो, म्हणजे गालातून लांब सुई आरपार काढतो. हे झाल्याशिवाय नवरानवरी बोहल्यावर चढत नाहीत. आता हा वेश एकदा वाचा आणि एकदा सिद्धरामकडं बघा. अण्णारावांनी पुरवंत फोनवरच ठरवला होता, तोंड बघितलं नव्हतं; त्यांचं चुकलं कुठं?

सिद्धरामला हे कळायला मांडवातली हलगी पुरली. लहानपणी मामाच्या लग्नात त्यानं पुरवंत बघितला होता, आणि घाबरून आईच्या मागं लपला होता. तो अण्णारावांना सांगायला वळला, तेवढ्यात एका बाईनं त्याच्या पायांवर तांब्याभर पाणी ओतलं, दुसरीनं हळदकुंकू लावलं, तिसरीनं गळ्यात हार घातला. एवढं सगळं झाल्यावर मी मोबाइल दुरुस्त करतो, हे कोणत्या तोंडानं सांगायचं? आणि खरं सांगायचं तर, त्याला ते आवडायला लागलं होतं. वेश केल्यापासून पहिल्यांदाच कुणी त्याच्या पोटाकडं बघत नव्हतं.

"वडपू म्हणा अप्पा," अण्णाराव म्हणाले.

हलगी थांबली. सगळा मांडव त्याच्या तोंडाकडं बघत होता. सिद्धरामला वडपूतला शब्द येत नव्हता. कन्नड त्याला यायचं, पण ते गिऱ्हाइकाशी भाव करण्याइतकं. डोक्यात बाकी सगळं कोरं झालं आणि तिथं फक्त हारा उरला. त्यानं तलवार उचलली, पाय रोवला, आणि हजारदा आरशापुढं म्हटलेलं वाक्य बेंबीच्या देठापासून बाहेर आलं.

"ओरे वा हारा दा!"

म्हणजे, मी हारा आहे. मांडवानं ऐकलं ते 'हर'. "हर हर महादेव," सगळी माणसं एका सुरात गरजली, आणि हलगी पुन्हा कडाडली. सिद्धरामच्या अंगात वारं शिरलं. तो गिरकी घेऊन पुढं सरकला, तलवार आडवी धरली, आणि फौजेला सुनावावं तसं जमलेल्या पाहुण्यांना सुनावलं, "हाशी वा वातासानाई!" पूल देणार नाही. नवऱ्याकडचे एक मामा सकाळपासून मोटरसायकलीसाठी रुसून खुर्चीवर बसले होते. तलवारीचं टोक नेमकं त्यांच्याकडं वळलं, देवाच्या तोंडून 'नाई' ऐकलं आणि ते उठून मुकाट्यानं माणसांत मिसळले.

ही भाषा कुठली, हा प्रश्न अर्थातच निघाला. पण आमच्या भागात प्रत्येकाला तीन-चार भाषा येतात, त्यामुळं एखादी येत नाही असं कबूल करायची पद्धत नाही. मराठी बोलणारे म्हणाले, हे जुनं कन्नड आहे. कन्नड बोलणाऱ्यांना वाटलं, तेलुगू असावं. औरादकडून आलेले तेलुगूवाले पाहुणे म्हणाले, छे, ही तर शुद्ध संस्कृत. एक जुने मास्तर डोळे मिटून मान डोलवत होते, त्यांना तर अर्थही लागत होता. सिद्धरामला वर्षभर अर्थ समजावून एक माणूस जिंकता आला नव्हता, आणि आज न समजावता सगळा मांडव त्याच्या मुठीत आला होता. हे बघून त्याला आनंद झाला आणि थोडं वाईटही वाटलं. इतक्या डोळ्यांपुढं हारा नाचत होता आणि त्यातल्या एकालाही हारा दिसत नव्हता.

"मादा ओवात्ते इनाई," तो म्हणाला. अजून संपलेलं नाही. आवाज आपसूक खाली आला.

त्या वेळी आतल्या खोलीच्या खिडकीतून फिस्सकन आवाज आला. नवरी पल्लवी, अण्णारावांची थोरली, तोंडात पदराचा बोळा कोंबून गदागदा हलत होती. भोवतीच्या बायकांना वाटलं, पोरीला माहेर सुटायचं रडू फुटलं. त्या तिच्या पाठीवरून हात फिरवायला लागल्या, तशी ती आणखीच हलायला लागली.

मग अण्णाराव पितळी ताट घेऊन पुढं आले. ताटात हळद, लिंबू आणि लांब, चकचकीत सुई. कोरोनाच्या लशीच्या वेळी त्याचा दुसरा हात जगदेवीनं धरला होता आणि तरीही तो खुर्चीवरून घसरला होता. फौजेपुढं न डगमगणारा हारा सुईपुढं दोन पावलं मागं सरला.

आता मात्र खरं बोलण्यावाचून गत्यंतर नव्हतं. तो अण्णारावांच्या कानाशी लागला. "मालक, मी पुरवंत न्हाई. मी हारा हाव."

"व्हय व्हय," अण्णारावांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला. "अंगात आल्यावर आमचे पुरवंत बी असंच म्हणतेत. तुमी हरच हाव, दुसरं कोण? घ्या."

खरं बोलूनही सुटका होत नाही म्हटल्यावर माणसानं काय करावं? सिद्धरामनं ताटाकडं बघितलं, वाटेकडं बघितलं, पळालो तर या लेंग्यात किती पळता येईल याचा अंदाज घेतला. अंदाज निराशाजनक होता.

"बाबा, ह्येनला शस्त्र देऊ नगा."

मुंडावळ्या बांधलेली पल्लवी खोलीच्या दारात आली होती. नवरी अशी मधेच बाहेर येऊन बोलते, हे बघून सगळ्यांच्या माना तिकडं वळल्या.

"कामून?" अण्णारावांनी विचारलं.

"नेम हाय त्येंचा. समदी माणसं डोंगरापल्याड जाईस्तोर पूल सोडायचा न्हाई, आन् अंगातलं रगत सांडायचं न्हाई."

"तुला कुणी सांगितलं?"

"मोबाइलवर बघितलंय मी."

अण्णाराव विचारात पडले. सोयाबीनचा भाव, पावसाचा अंदाज, गुलबर्ग्यातला चांगला डॉक्टर हे सगळं पल्लवीच मोबाइलवर बघून सांगायची आणि ते खोटं निघत नसे. तरी पूल कुठला, हे त्यांना कळेना. ती अडचण एका म्हातारीनं सोडवली. भवसागरावरचा पूल, ती म्हणाली, दुसरा कुठला असणार? सगळ्यांनी माना हलवल्या.

सिद्धरामला मात्र त्यातलं काही ऐकू येत नव्हतं. पूल. नेम. रक्त सांडायचं नाही. हे सगळं चौथ्या भागातलं होतं. जे आळंद तालुक्यात फक्त आपल्या डोक्यात आहे असं तो समजत होता, ते एका अनोळखी मुलीच्या तोंडून बाहेर आलं होतं. तिच्याकडं धावत जावं आणि विचारावं, तुला नदीचा प्रसंग आवडला की बर्फाचा, असं त्याला वाटलं. पण पुरवंतानं नवरीशी बोलायला धावत जायची चाल कुठंच नव्हती.

तोवर खरे पुरवंत येऊन पोचले. माणिकप्पा त्यांचं नाव. सारख्याच नावाच्या दुसऱ्या गावात जाऊन, तिथल्या मांडवात निम्मा वडपू म्हणून झाल्यावर त्यांना घर चुकल्याचं कळलं होतं. त्यांनी कुणाला दोष दिला नाही. वडपू म्हटला, सुई घेतली, गालातून आरपार काढली आणि डोळ्याची पापणीही हलू दिली नाही. सिद्धरामनं मात्र दोन्ही डोळे मिटून घेतले होते. मग माणिकप्पांनी गाल पुसत त्याला निरखून बघितलं.

"कुण्या गादीचे तुमी?"

"लांबचे हाव," सिद्धराम म्हणाला.

"वाटलंच. आवाज चांगला हाय. पाय कच्चा पडायलाय." एवढं सांगून ते लिंबूसरबत प्यायला बसले.

एकाला दोन पुरवंत लाभले म्हणून खूश झालेले अण्णाराव आता सिद्धरामला त्याच्या कार्यक्रमाला सोडायला तयार होते. जीप दारात होती. आत्ता निघालं असतं तर गुलबर्ग्याची स्पर्धा शेवटी शेवटी का होईना गाठता आली असती. तिथं शेकडो माणसं होती, सगळी ओळखणारी. सिद्धरामनं एक पाय जीपच्या पायरीवर ठेवलासुद्धा. पण बायकांनी हाक मारली. आज मांडवात दोन पुरवंत आले आहेत, नवरानवरीनं दोघांच्याही पाया पडून बोहल्यावर जायचं, म्हणजे जोडीला दुप्पट लाभ. सिद्धरामनं पाय खाली घेतला. त्याला गुलबर्गा हवा होता, पण त्याहून जास्त ती मुलगी हवी होती, जिनं चौथा भाग बघितला होता.

माणिकप्पांच्या पाया पडून दोघं त्याच्यापुढं आले. नवरा मुलगा सडपातळ, घामाघूम, कॉलर टोचत असल्यासारखा मान हलवणारा. तो वाकला आणि उठला. पल्लवी वाकली ती वाकलेलीच राहिली. मान वर न करता ती पुटपुटली, "हारा, शेवटी तू मरतोस का रं?"

झालं. वर्षभर ज्याची वाट बघितली ते वाक्य नव्हतं, त्याहून मोठं होतं. तिनं नाव तर घेतलंच, वर त्याला एकेरी हाक मारली, जशी आपण घरच्या माणसाला मारतो. त्याला अतिशय आनंद झाला होता, आणि त्या आनंदाचं काय करायचं हे त्याला कळत नव्हतं.

"शेवटचा भाग ऱ्हायलाय माजा," ती भराभरा बोलत होती. "त्यो आला आन् घरात पावणे आले. तिकडं गेल्यावर बघाय मिळतंय का न्हाई, कुणास ठाव. सांग की लवकर."

हारा मरतो. शेवटच्या भागात, गावातलं शेवटचं माणूस डोंगरापलीकडं गेल्यावर, हारा पुलावर उभ्या उभ्या मरतो. तो भाग बघून सिद्धराम दुकानाचं शटर ओढून हमसून हमसून रडला होता, आणि बाहेर ताटकळणाऱ्या गिऱ्हाइकाला त्यानं लाइट गेल्याचं सांगितलं होतं. हे तिला सांगावं? बोहल्यावर चढणाऱ्या मुलीला? की नाही मरत म्हणून सांगावं आणि तिनं ते खरं मानून जन्म काढावा? त्यानं घरात खोटं बोलून बरंच काही निभावलं होतं, पण हाराबद्दल तो कधी खोटं बोलला नव्हता. ब्राझीलच्या बाईनं त्याला शेवट आधी सांगितला असता, तर त्यानं तिचं तोंड पुन्हा बघितलं नसतं.

त्यानं पल्लवीच्या डोक्यावर हात ठेवला.

"न्हाई सांगत," तो म्हणाला, आणि मग सगळ्या मांडवाला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाला, "तूच बघशील. नवऱ्याला जोडीला घे, आन् पहिल्यापासून बघ. शेवटपतोर बघ."

असा आशीर्वाद कुणी कधी ऐकला नव्हता. जुने मास्तर म्हणाले, फार खोल आहे. नवऱ्या मुलाची आई पुढं आली, पदर सावरून तिनं हात जोडले. "देवाचा शब्द हाय, आमच्या घरात मोडायचा न्हाई. काय काय लागतंय तेवढं सांगा, आमी तजवीज करताव."

"मोबाइल लागतोय," पल्लवी जमिनीकडं बघत म्हणाली.

"दिला," सासू म्हणाली.

हलगी वाजायला लागली आणि सगळे बोहल्याकडं निघाले. पुढं माणिकप्पा, मागं सिद्धराम आणि त्याच्या पाठोपाठ नवरानवरी. सिद्धरामच्या डोळ्यांतून पाणी घळाघळा वाहत होतं. इबूत भिजून नाकावर उतरली होती, आणि त्याच्याकडं बघून बायकाही डोळे पुसत होत्या. त्यानं मागं वळून बघितलं नाही. पण हलगीच्या आवाजातही त्याला मागचं सगळं ऐकू येत होतं.

"काय बघायचं हाय आपल्याला?" नवऱ्या मुलानं विचारलं. लग्न ठरल्यापासून तो तिच्याशी पहिल्यांदाच बोलत असावा, इतका त्याचा आवाज चाचरत होता.

पल्लवीनं हळूहळू सांगायला सुरुवात केली. एक नदी हाय, ती म्हणाली, तिच्यावर लाकडाचा पूल हाय. तिनं फौज सांगितली, पळालेले पहारेकरी सांगितले, बर्फ सांगितला, एकटा उभा राहिलेला हारा सांगितला. बोहल्याच्या पायरीशी ती पोचली तेव्हा गोष्टही तिथवर आली होती, जिथून पुढचं तिला ठाऊक नव्हतं. ती थांबली. नवरा मुलगाही एक पाय पायरीवर ठेवून तसाच थांबला. भटजी हाक मारत होते, मामा ओढत होते, पण तो पुढं सरकेना.

"मग?" त्यानं विचारलं.